दिनूबाबाचा सिनेमा

विलायतेतला एक नामांकित सिनेमावाला आमच्या भाजीवालीच्या हातचा भात खाऊन मोठा झालाय, हे आम्हाला कळलं तेव्हा मधुदादा केळं खात होता. त्याला असा ठसका लागला की आईने स्वयंपाकघरातून विचारलं, "काय रे, मेलास की काय?"

त्या सकाळी शेवंतीमावशी नेहमीसारखी आलेली. डोक्यावर पाटी, पाटीत माठ, मुळे आणि वालाच्या शेंगा. ती चोळेगावची, म्हणजे ठाकुर्लीला रेल्वेच्या पॉवर हाउसला लागून जे जुनं गाव आहे तिथली. तिथून चालत डोंबिवलीला येते. हनुवटीवर गोंदलेले तीन ठिपके, नवरा जाऊन वर्षं झालेली, पोरबाळ नाही. आमच्या ओट्यावर टेकून माझी अलाबला घेतल्याशिवाय तिचा पाय पुढे निघत नाही. म्हणजे माझ्या तोंडावरून दोन्ही हात उतरवायचे आणि बोटं स्वतःच्या कानशिलांवर कडाकड मोडायची. जितकी मोडतील तितकी दृष्ट लागलेली. माझ्या वेळी सगळीच्या सगळी मोडतात. मोडणारच! यंदा शाळेत इंग्रजी वक्तृत्वात माझा पहिला नंबर आलाय, आणि तेव्हापासून घरात कोणाचाही इंग्रजी उच्चार माझ्या तावडीतून सुटत नाही.

दादा कॉलेजात जातो असं म्हणायचं. खरं त्याचं शिक्षण रद्दीतून आणलेल्या विलायती सिनेमाच्या मासिकांवर चाललंय. तो मोठ्याने वाचत होता, मी उच्चार सुधारत होते, आणि कंटाळा आला की त्याचं मराठी करून मावशीला सांगत होते. लेख डेनिस थॉर्नबी नावाच्या निर्मात्यावर होता. हा गृहस्थ फक्त भुताखेतांचे सिनेमे काढतो. लहानपणी हिंदुस्थानातून बोटीने इंग्लंडला धाडलेला. बोर्डिंगातून पळाला आणि एका स्टुडिओत चहा वाटायला लागला. लढाईत लष्करासाठी फिल्मचे डबे वाहिले. लढाई संपल्यावर कंपनी काढली, चोर-पोलिसांचे सिनेमे केले, ते सपाटून पडले. मग त्याने नदीकाठचा एक पडका बंगला भाड्याने घेतला, कारण सेट उभारण्यापेक्षा ते स्वस्त पडतं, आणि त्यात भुतं सोडली. तीही रंगीत! टीकाकार म्हणाले, शी, किती हे रक्त. आणि लोकांनी थिएटरला रांगा लावल्या. तेव्हापासून बंगला तोच. एका सिनेमात तो भिंती हिरव्या करतो, पुढच्यात काळ्या. घोडे तेच, बग्गी तीच. महिना-दीड महिन्यात सिनेमा तयार. आणि प्रत्येक सिनेमात एक म्हातारी दाई हवीच. तिच्याखेरीज म्हणे तो कॅमेरा सुरू करू देत नाही.

"ऐक, ऐक," दादा म्हणाला, "तो म्हणतो, भीतीबद्दल मला जे काही येतं ते सगळं मी शाळेत जायच्या आधीच शिकलो, मुंबईजवळच्या... आयला चित्रे, ठाकुर्ली! ठाकुर्ली लिहिलंय इथं!"

मावशीचा शेंगांतला हात थांबला. "कोन बोललास तू मघाशी? थानबी?"

"थॉर्नबी," मी म्हटलं. "जिभेचं टोक दातांना..."

"तेच गो. थानबीसाएब. विजेच्या कारखान्यावरचा मोठा इंजनेर. त्याचा पोर तो, देनीस. माझा दिनूबाबा."

ठसका लागला तो इथे.

मासिकात फोटो होता. टक्कल, जाड काड्यांचा चष्मा, तोंडात सिगार. मावशीने पदराला हात पुसले आणि पान डोळ्यांजवळ नेलं.

"केस कुठं गेले पोराचे?" ती म्हणाली आणि रडायला लागली.

मग सगळं बाहेर आलं. पॉवर हाउस नवीन होतं तेव्हा साहेबाच्या बंगल्यावर ती आया होती. मडमेला इथला उन्हाळा सोसायचा नाही, ती बहुतेक माथेरानला. पोर मावशीकडे. ते जेवायचं नाही, म्हणून ती त्याला तळ्यातली हडळ आणि चिंचेवरचा मुंजा सांगायची. एक घास हडळीचा, एक घास मुंजाचा. मग एक दिवस पोराला शिक्षणाला बोटीवर बसवला. त्यानंतर ना चिठ्ठी, ना निरोप.

"आन बगा," ती डोळे पुसत म्हणाली, "माझ्याच गोष्टींवर त्यानं पोट भरला! दर सिनेमात दाई घालतो म्हनलास ना रे मधु? नाय इसरला गो मना. नाय इसरला."

"मावशी, त्या दाया भयंकर असतात हां," दादा म्हणाला.

"मग मी कुटं सुंदर व्हते?"

त्या दिवसापासून मावशीच्या भाजीबरोबर दिनूबाबाही घरोघरी गेला. लोक हसायचे. आमच्या शेजारच्या मंदाकिनीकाकू तर रोज विचारायच्या, "काय शेवंते, विलायतेहून लुगडं कधी येतंय?" ती म्हणायची, "येल, येल." पण एकदा पाटी उचलून देताना मला हळूच म्हणाली, "लुगडं काय करायचाय मना? त्याच्या मनात मी हाय का, येवढाच मना मरायच्या आधी बगायचाय. माझा दुसरा कोन हाय गो?"

आणि मग सिनेमा आलाच! ठाण्याच्या टॉकीजला रविवारी सकाळी इंग्रजी खेळ असतो. दादाने बातमी आणली. इंग्रजी नाव लांबलचक होतं, पण बाहेरच्या फळ्यावर रंगाने लिहिलेलं 'बुरुजातली दाई'. भाऊ, म्हणजे आमचे वडील, आधी नाहीच म्हणाले. "भुतांचा सिनेमा? मुलीच्या जातीला?"

"भाऊ, मावशीला इंग्रजी कोण समजावणार? दादा? त्याचे उच्चार ऐकून भुतं पळतील."

भाऊंना हसू आलं. भाऊ हसले की परवानगी मिळाली असं आमच्या घरात समजतात.

मावशीने ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलेलं, अंबाड्यावर अबोलीची वेणी. टॉकीजच्या दारात तिने वहाणा काढून हातात घेतल्या.

"मावशी, देऊळ नाही ते," दादा म्हणाला.

"पोराच्या घरात कोन वहाना घालून जातो?"

आम्ही पुढच्या स्वस्तातल्या बाकांवर बसलो. मी मध्ये, मावशी उजवीकडे. पडद्यावर डेनिस थॉर्नबीचं नाव रक्ताच्या अक्षरांत आलं आणि मी ते तिला वाचून दाखवलं, तेव्हा तिने पडद्याला नमस्कार केला.

गोष्ट साधीच होती. एक किल्ला, त्यात श्रीमंत बाप, सदा गावाला गेलेली आई, आणि सहा-सात वर्षांचा गोरा मुलगा. मुलाला सांभाळायला कुठल्याशा डोंगरी मुलखातून आणलेली दाई. दाई पायऱ्यांवर पहिल्यांदा उभी राहिली आणि कॅमेरा तिच्या तोंडाजवळ गेला, तेव्हा मावशीने माझं मनगट घट्ट धरलं. नटी गोरीच होती, तोंडाला तपकिरी रंग फासलेला. पण हनुवटीवर तीन ठिपके.

"मी," मावशी म्हणाली. कुजबुजायचं तिच्या ध्यानातच नव्हतं. "मीच हाय गो ती!"

पुढचा एक माणूस मागे वळला. "मग आजी, जरा घाबरवा ना आम्हाला!"

सगळी रांग हसली. मावशीही हसली. मी इतकी खूश झाले की काय सांगू! मला वाटलं, झालं, हिचं सोनं झालं.

मग मुलगा तापाने आजारी पडतो. खोलीत मेणबत्ती, भिंतीवर सावली. दाई दोन्ही मुठी बंद करून पलंगाजवळ येते. वाजंत्र्यांनी अशी काही किंकाळी सुरू केली की माझ्या अंगावर काटा आला. दाईने मुठी मुलाच्या डोक्यावरून गोल गोल फिरवल्या, तोंडाने पुटपुटली आणि मुठीतलं काहीतरी शेगडीत टाकलं. भडका उडाला. तडतड, तडतड.

 आणि मग मागून कोणीतरी ओरडलं, "अरे, आजी मीठ-मोहऱ्या ओवाळतेय!"

जो काही हशा पिकला! विलायतेत लोक जे पाहून बेशुद्ध पडले असतील त्याला आमचं ठाणं पोट धरून हसत होतं. दाईने मुलाच्या तोंडावरून हात उतरवले, बोटं कानशिलावर मोडली, आणि तो कडाकड आवाज सिनेमावाल्याने इतका मोठा केलेला की हाडं मोडल्यासारखा वाटावा. ठाणेकरांनी काय करावं? सगळ्यांनी आपापली बोटं मोडून उत्तर दिलं! दादा तर शिट्टी वाजवत होता. मी डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले.

मग माझ्या लक्षात आलं की मनगटावरची पकड सुटलीय.

पडद्यावर आता फक्त मुलाचं तोंड होतं. पांघरूण नाकापर्यंत ओढलेलं, डोळे ताणलेले. तो बापाला काहीतरी सांगत होता, ओठ थरथरत होते. प्रत्येक शब्द मला स्वच्छ कळला. तिला बाहेर काढा. तिला मला हात लावू देऊ नका. ती मला मारून टाकणार आहे.

"काय बोलतो तो?" मावशीने विचारलं.

मी, जी इतका वेळ रेडिओसारखी बोलत होते, ती वाकून बाकाखाली काहीतरी पडल्यासारखं शोधायला लागले.

"सांग ना गो."

"म्हणतोय... ताप उतरला."

मावशी पडद्याकडेच बघत होती. "ताप उतरलेला पोर असा नाय बगत," ती म्हणाली.

त्यानंतर तिने मला एकदाही काही विचारलं नाही. सिनेमा पुढे चालूच राहिला. दाई आली की लोक हसायचे, मुलगा किंचाळायचा, आणि दोन्हींच्या मध्ये मावशी अंग चोरून बसलेली, हात मांडीखाली दाबून. शेवटी बाप आणि पाद्री मिळून दाईला बुरुजात कोंडतात आणि बुरूज पेटवतात. तोवर सगळं टॉकीज दाईच्या बाजूचं झालं होतं. "आजी, पळ! खिडकीतून, खिडकीतून!" म्हणून पोरं ओरडत होती. ती पळाली नाही. जाळ वर गेला. मुलाने ते खिडकीतून पाहिलं, वळला, पलंगावर चढला आणि सबंध सिनेमात पहिल्यांदा डोळे मिटून शांत झोपला. त्याच्या झोपलेल्या तोंडावरच सिनेमा संपला.

"निजला," मावशी म्हणाली.

बाहेर लख्ख ऊन. दादाला त्याचे कॉलेजचे मित्र भेटले, ते दाईची नक्कल करत एकमेकांना ओवाळत होते. मी त्याला म्हटलं, आम्ही तलावपाळीवर बसतो, तू ये मागून. मासुंदा तलावाच्या काठावर मावशी पायरीवर टेकली. वहाणा अजून हातातच होत्या.

"मावशी, सिनेमा म्हणजे खोटं असतं गं," मी सुरू केलं. "पैसे मिळवायला काहीही दाखवतात. तुला माहीत नाही, तो बंगलासुद्धा..."

"विषमज्वर झालेला त्याला," ती म्हणाली. "मडम माथेरानला. साएब कारखान्यात. डागदर बोलला, आथा देवाच्या हातात. मी हटले नाय तिथून. सकाळ-सांज मीठ-मिरच्या उतरवायची. तो असाच बगायचा माझ्याकडं, डोले फाडून. मना वाटला, ताप हाय. तापात पोरं तशीच बगतात." तिने तळव्याने तोंड पुसलं. "भ्या वाटत व्हता, तर बोलायचा ना रे. मी नसता लावला हात. दाराच्या भायेर बसले असते."

मी पायरीवरचं एक वाळकं पान उचलून पाण्यात टाकलं. 

"तो वाचला ना पण," मी म्हटलं. "तुझ्यामुळेच."

"वाचला," ती म्हणाली. "पन माझ्यातून नाय सुटला."

घरी आल्यावर दादाने सगळ्यांना साभिनय सिनेमा सांगितला. आई हसली, भाऊ हसले. मी सांगितलं की मावशीला बरं वाटत नाहीये, आणि खोलीत गेले. दोन दिवस ती आलीच नाही. तिसऱ्या दिवशी दादाने नवं मासिक आणलं. त्यात बातमी होती: थॉर्नबींच्या या सिनेमाने आजवरचे सगळे विक्रम मोडले, आणि ते लगेच दुसरा भाग काढतायत. दाई राखेतून उठते आणि तरुण झालेल्या त्या मुलाला शोधत येते. खाली स्टुडिओचा पत्ता होता, वाचकांच्या पत्रांसाठी. मी ते पान दुमडून माझ्या भूगोलाच्या पुस्तकात लपवलं आणि दादाला बजावलं, मावशीसमोर चकार शब्द काढलास तर बघ.

दुपारी ती आली. पाटी नव्हती. आई शेजारी गेलेली. मावशी ओट्यावर बसली आणि म्हणाली, "तुझा इंग्लिश चांगला हाय ना? मना एक कागद लिवून दे. दिनूबाबाला."

मला इतका आनंद झाला! मी धावत जाऊन चांगला कागद आणि दौत घेऊन आले. मनात वाक्यंही जुळवली. आम्ही त्याला खडसावू, म्हटलं. असं लिहू की त्याला पश्चात्ताप होईल, बोटीत बसून येईल, पाय धरेल!

"सांग. काय लिहू?"

"लिव, शेवंती मेली."

"मावशी!"

"लिव गो. तो सिनेमातला पोर निजला बगितलास ना? कवा निजला?"

मी टाक खाली ठेवला. ती माझ्याकडे बघत राहिली. तिच्या बघण्यात राग नव्हता, रुसवा नव्हता. आजारी माणसाला औषध कसं द्यायचं ते सांगत असल्यासारखी ती सांगत होती. मी टाक उचलला.

"कशाने मेलीस म्हणून लिहू?"

"म्हातारी झाली, मेली. दिवसाची मेली, असा लिव. रात नको. घरात मानसं व्हती. अग्नी दिला, सगला रीतीनं झाला." ती थांबली. "आन असा लिव, तिची कंचीबी इच्छा राह्यली नव्हती. ह्ये नीट लिव. इच्छा राह्यली की मानूस माघारी येतो, ह्ये मीच त्याला शिकवलेला. त्याला ठाव हाय. ह्ये वाचला की त्याचा जीव थंड व्हयल."

भूगोलाचं पुस्तक माझ्या शेजारीच पडलेलं. तिकडे त्याने तिला राखेतून उठवलीसुद्धा होती, रंगसुद्धा फासला असेल. मी काही बोलले नाही. मी लिहिलं. तिची काहीही इच्छा राहिली नव्हती. हे वाक्य इंग्रजीत फार सोपं आहे, पाचवीतली मुलगीही लिहील. माझ्या हातून दोनदा शाई सांडली.

"आथा वाचून दाखव."

मी वाचलं. सगळं इंग्रजीत, एकेक उच्चार स्वच्छ. त्यातलं तिला फक्त स्वतःचं नाव कळत होतं; ते आलं की ती मान हलवायची. संपल्यावर आईने ओट्यावर टाकलेली शेंगांची सालं गोळा करत बसली. मग खाली बघतच तिने विचारलं.

"चित्रे, ह्ये वाचून तो रडंल का गो?"

"रडेल," मी म्हटलं. मला काय ठाऊक? पण मी म्हटलं, आणि पुन्हा म्हटलं, "रडेल मावशी. खूप रडेल."

तिचं तोंड असं उजळलं की मला बघवेना. हनुवटीवरचे ठिपके हलले. आणि दुसऱ्याच क्षणी तिने तो कागद माझ्या हातातून ओढला.

"मग नको," ती म्हणाली. "मग नको धाडू. कशाला रडवायचा पोराला?"

"पण मग तो..."

"नको बोलले ना. मी खरीच मरंन तवा धाड. तवा इलाज नाय." तिने कागदाची घडी घातली, उलगडली, पुन्हा माझ्यासमोर धरली. "तुज्याकडं ठेव. माझ्या घरात पावसाचा पानी येतो."

पत्र माझ्या कंपासपेटीत आहे. पाकिटावर पत्ता लिहून झालाय. मावशी पुन्हा भाजी घेऊन येते, माठ महाग झाला म्हणून आईशी भांडते, मंदाकिनीकाकूंनी लुगड्याचं विचारलं तर हसते. शाळेत निबंध लिहून घेतात तेव्हा वरच्या कोपऱ्यात तारीख आधी लिहायची असते, ती माझी सवयच झालीय. त्या कागदावर तेवढी एकच जागा मी कोरी ठेवलीय.